व इतर

खटल्याला नाव सुषमा डोंगरवारचं आहे.
मी 'व इतर' मध्ये.
याचिकाकर्ती क्रमांक नऊ,
वय एकोणतीस, राहणार मानेवाडा, नागपूर.
आता तेहतीस झाले.
कागदावर अजून एकोणतीसच,
तेवढं एक बरं.

जाहिरातीत हवी होती 'पदविका किंवा समकक्ष'.
माझ्याकडे पदवी. त्याच विषयाची, तीन वर्षांची,
आईच्या दोन पाटल्यांची.
पडताळणीच्या टेबलावर कक्ष अधिकारी ढोमणे
फाइल उलटीसुलटी करत म्हणाले,
"पदवी आहे न बाई, पण पदविका कुठाय?"
मी म्हटलं, साहेब, मोठ्यात लहान बसतं.
"शासन निर्णयात बसत नाही."
आणि हिरव्या शाईनं लिहिलं:
अर्हता समकक्ष नाही.

त्या रात्री मी शब्द सोडवून पाहिला.
सम. कक्ष.
एका खोलीत बसण्याइतकं सारखं,
असा माझ्यापुरता अर्थ लावला.
वकील पराते म्हणाले, अर्थ कोर्ट लावेल,
तू इथे सही कर.

चार उन्हाळे सिव्हिल लाइन्सला जाऊन आले.
खंडपीठाच्या दगडी भिंतीला पाठ टेकली
की घडीभर गार वाटतं,
मग दगडच आपल्याला टेकल्यासारखा तापतो.
झेरॉक्सवाला गणवीर आता नाव विचारत नाही,
"पंचावन्न-बारा न? किती सेट?"
विद्यापीठानं पत्र दिलं, समकक्ष आहे, परिषदेला विचारा.
परिषदेनं दिलं, विद्यापीठाला विचारा.
विभागानं शपथेवर सांगितलं
की शपथपत्र द्यायला वेळ हवा.

अंतरिम आदेशानं नऊ जागा रिकाम्या ठेवल्यात.
त्यातली एक मी रोज पाहते.
त्याच दवाखान्यात, त्याच प्रयोगशाळेत
मी अकरा महिन्यांच्या करारावर आहे.
कराराला पदवी चालते.
खुर्चीवर कापसाचे गठ्ठे ठेवलेत,
मी उभ्यानं काम करते.

फेब्रुवारीतला सोमवार होता. ट्यूबवरची चिठ्ठी:
ढोमणे रा. म., पुरुष, ५४, उपाशीपोटी.
हातात धरून उभी राहिले,
जरा जास्तच वेळ.
मग मशीनला लावली. दोनशे अठ्ठ्याण्णव.
परत लावली. दोनशे शहाण्णव.
एकदाच लावायची असते.
दोनदा का लावली, मला नीट सांगता येत नाही.

अहवालावर सही बोरकुटेंची, ते नियमित.
त्या दिवशी भंडाऱ्याला लग्नाला गेले होते,
कोऱ्या कागदांवर सह्या ठेवून.
खिडकीतून कागद घेताना साहेब म्हणाले,
"बाई, बरोबर आहे न हे? चुकलं तर नसन?"
बरोबर आहे, म्हटलं, मीच काढलं.
ते थांबले.
मास्कच्या वरचे डोळे ओळखले असतील.
किंवा नसतील. त्यांच्या टेबलासमोरून
त्या दिवशी दोनशे जणी गेल्या होत्या.
"म्हणजे गोळी सुरू करा लागते,"
असं स्वतःलाच म्हणत त्यांनी
कागदाच्या चार घड्या केल्या,
खिशात ठेवला, परत काढून पाहिला.

सुषमा आता रायपूरला असते. मुलगी झाली.
परवा तिचा फोन, माझं नाव काढून टाका म्हणे,
तारखेला यायला जमत नाही.
पराते म्हणाले, ती गेली तरी
प्रकरण तिच्याच नावानं ओळखतील.
हे मी तिला अजून कळवलं नाही.

उद्याच्या बोर्डावर आम्ही एकेचाळिसावे.
मागच्या वेळी अडतीसवर कोर्ट उठलं.
अर्ध्या दिवसाची रजा टाकलीय, बिनपगारी.
पिशवी भरताना पदवी एकदा उजेडात धरली.
लॅमिनेशनच्या आत एक मुंगी आहे,
पहिल्या दिवसापासून,
विद्यापीठाच्या शिक्क्याच्या जरा डावीकडे.
सहाही प्रतींवर ती नीट उमटते.