लाभ, दोन, तीन

बाप सांगलीच्या हळदपेठेत तोलारी.
पहिलं पोतं काट्यावर चढलं की तो ‘एक’ म्हणत नसे,
म्हणे, लाभ.
मग दोन. मग तीन.
ही मोजणी मी शारजात आणली,
पत्र्याच्या पेटीत दोन सदऱ्यांखाली
नखांतल्या पिवळ्यासकट.

तळावर गोऱ्यांना वजनाचा कारकून हवा होता.
काटा कळतो? कळतो म्हटलं.
काटा हळदीचाच वाटला: पितळी दांडी, सरकतं वजन.
तोलायची मात्र माणसं होती.

हेलिकॉप्टर तेव्हा कुणालाच नीट उमगलेलं नव्हतं.
उठलं की खळ्यावर उफणणी लागल्यागत वाळू उडे,
आणि आम्ही पाठ करून उभे,
डोळे मिटून, दाताखाली कचकच.
नाकाची सालं निघालेला हॅलम ते चालवी.
त्यानं खडूनं फळ्यावर मांडून दिलं:
पहाटे पाचला सात माणसं,
दहाला पाच,
बाराला तीन, तीही उपाशी असतील तर.
‘ऊन हवा खातं, मीझान.’
काट्याला तिथं मीझान म्हणत,
हळूहळू मलाही.

मग डोंगरातल्या त्या गढीचं निघालं.
विहिरीवरून दोन टोळ्यांचं जुनं भांडण,
वर जायला वाट एक, शेळीच्या खुराएवढी,
वर बसलेले दहा खालच्या शंभरांना पुरे पडत.
पायी दोन दिवस.
मेजरनं नकाशावर बोट टेकवलं,
उचललं,
गढीच्या मागच्या कड्यावर ठेवलं.
म्हणाला, अठरा मिनिटं.

लाभ: पीरबक्ष, मकरानी, बंदुकीसकट दोन मण दहा शेर.
दोन: उबैद बिन खल्फान. खिशातल्या खजुरा काढायला लावल्या,
त्यानं त्या तिथंच तोंडात कोंबल्या.
काटा हलला नाही, हॅलम हसला.
तीन: शंबे. ओठावर नुसती लव,
भरला इतका कमी
की तोफगोळे दोन जास्तीचे बांधा त्याला,
असं सुचवलं मीच.
हिशेबात ते बरोबर होतं.

धुकं उठेना. सात वाजले, आठ झाले.
ऊन हवा खायला बसलं.
प्रत्येक खेपेला एक माणूस जास्त होऊ लागला.
काय उतरवू? विचारलं.
मेजर म्हणाला, पाणी.

गढी दुपारच्या आत पडली.
उतरवलेले कॅन धावपट्टीच्या कडेला तापत होते.
संध्याकाळी त्याच पाण्याचा
चहा केला आम्ही.
सगळे खूश होते, मीही होतो.

दुसऱ्या दिवशी एक म्हातारा खाली आणला,
कमरेच्या खंजिरासकट एक मण सात शेर.
काट्यावर उभा राहून, कुणाकडेही न बघता म्हणाला,
आमचं तोंड वाटेकडं होतं.
पाठीला आजवर फक्त आकाश होतं.
दुभाष्यानं हे साहेबाला सांगितलं नाही.
मला सांगितलं, विडी ओढताना.

वर गेलेल्यांना तहान लागेल,
हे काट्यावर कुठंच दिसत नाही.
उन्हामुळे, वाऱ्यामुळे, एका सुट्या भागामुळे
तिसऱ्या सकाळपर्यंत हेलिकॉप्टर जाऊ शकलं नाही.

परत आलं तेव्हा
ताडपत्रीत गुंडाळलेलं एक जण
सगळ्यांच्या आधी उतरवलं.
नियम असा की गेलेलं आणि आलेलं, दोन्ही रकाने भरायचे.
चौघांनी काट्यावर ठेवलं.
दांडी हलकी, गोळे नव्हते आता.
पेन्सिल हातात, मान खाली,
आणि तोंडातून सवयीनं निघून गेलं,
लाभ.

कुणाला मराठी कळत नव्हतं.
पीरबक्ष तेवढा वळून बघत राहिला,
शब्द नाही, आवाज ऐकून.

आता त्या धावपट्टीवरून मोटारी जातात.
कडेच्या औषधाच्या दुकानात
बोलका काटा आहे, नाणं टाकलं की आकडा सांगतो.
नातू चढतो, उतरतो, पुन्हा चढतो.
मी बाहेर
पाण्याची बाटली धरून उभा असतो.