जैसे थे

कुताइसीच्या बाजारात, जिन्याखाली, माझं दुकान:
एक टेबल, एक भिंग, फुटक्या काचांचा डबा.
समोर चुर्चखेला टांगलेले,
द्राक्षरसात बुडवून वाळवलेले अक्रोड, दोऱ्यांवर.
त्या दोऱ्या बाजूला सारत त्सियाला आली
आणि फोन टेबलावर आपटून म्हणाली,
"फोटो बदलत नाही."

जुना फोटो अकरा वर्षांपूर्वीचा,
ओठ असे मिटलेले की आत कुणी झोपलंय.
नवा परवाचा, दातांच्या दवाखान्याच्या पायरीवर.
तोंडभर पांढरे शुभ्र दात,
डोळे बारीक, उन्हानं की हसण्यानं
कळत नाही.
"सात वेळा टाकला. सातही वेळा 'झालं' म्हणाला मेला.
आणि उघडून बघावं तर हीच बया!"

मी नेहमीचं सगळं विचारलं.
नेट आहे? आहे, शेजारच्या खाटकाचं.
फोटो जड असेल.
"दात जड नाहीत रे पोरा, हप्ते जड आहेत."
अ‍ॅप जुनं होतं, नवं घेतलं. जैसे थे.
फोन बंद करून चालू केला. जैसे थे.
बाहेर पडून पुन्हा आत शिरू म्हटलं
तर पासवर्ड आठवेना.
कपाळ चोळलं, छताकडे पाहिलं,
मग खाटकाला ऐकू जाऊ नये अशा बेतानं
एका गायीचं नाव सांगितलं,
पुढे साल. गाय मेली ते.
आत शिरलो.
बया तिथेच.

मधे दोनदा फोन वाजला. नातिया, बारीहून.
दोन्ही वेळा तिनं कापला.
"आधी फोटो. मग बोलेन."
लेक तिथे, इटलीत, कुणा दुसऱ्याच्या आईला सांभाळते.
रोज रात्री तिची कवळी धुऊन
पाण्याच्या पेल्यात ठेवते.
त्या पेल्यातून हे दात आले,
महिन्याला थोडे थोडे.

शेवटी सहज माझा फोन काढला,
तिचं नाव टाकलं.

हसत होती.
काल सकाळपासून हसत होती, सात वेळा,
एकीखाली एक.

"तुझ्या फोननं जुना फोटो जपून ठेवलाय," मी म्हटलं,
"दर वेळी नवा आणायचा व्याप नको म्हणून.
त्याला कॅश म्हणतात."
"कॅश? ती तर सगळी डॉक्टरनं नेली."
मग थांबली.
"म्हणजे खाटकानं पाहिला?"
"पाहिला असणार."
"आणि पलीकडच्या गल्लीतल्या लामारानं?"
"तिनं तर बदाम पाठवलाय."
अख्ख्या गावाला ठाऊक होतं.
ठाऊक नव्हतं ते फक्त तिच्या खिशाला.

माझा अंगठा 'साफ करा'वर.
"थांब जरा."
मिटलेल्या ओठांकडे ती बघत राहिली,
एसटीडी बूथच्या रांगेत पुढच्या बाईकडे बघावं तसं नाही,
घरात राहून गेलेल्या पाहुणीकडे बघावं तसं.
"हिनं डाव्या बाजूनं चावून दिवस काढले.
लेकीच्या लग्नातले सगळे फोटो बघ,
हिचा हात तोंडावर.
एकाएकी पुसू नकोस. आजची रात्र राहू दे."

पुन्हा बारी.
या वेळी तिनं उचलला, चेहऱ्यासमोर धरला,
आणि मोकळा हात सवयीनं वर गेला,
हनुवटीपर्यंत,
तिथे घुटमळला,
मग टेबलावर आला. हाताला अक्रोड लागला,
तोच उचलून दातांत धरला, लेकीला दाखवायला.

"अगं नको!" मी ओरडलो, "हप्ते बाकी आहेत!"

फोनमधून कुणीतरी मोठ्यानं हसलं.
तिकडे कदाचित ती दुसरी म्हातारीही असेल,
कवळीशिवाय.