भाड्यात न धरलेला आरसा

तार्तूच्या चित्रशाळेत, दुसऱ्या मजल्यावर,
जिना संपतो तिथेच वाइके सोसार उभी आहे.
कुंचला डाव्या हातात.
पाटीवर लिहिलंय : चित्रकर्ती डावखुरी असावी.

डावखुरी कसली!
पाव कापायची उजव्यानं,
आणि एकदा मला ठेवून दिली, तीही उजव्यानंच.

पाटी पुढे विचारते :
गालावरची राखी खूण जन्मखूण, की मार,
की त्या काळाची जखम?
काळालाही गाल असतात, हे मला आज कळलं.

तो डाग आरशाचा आहे.
आईचा आरसा, एका जागी पारा उडालेला.
वाटाणा गल्लीतल्या आमच्या लाकडी घरात
वरच्या खोलीच्या भाड्यात पलंग होता, शेगडी होती,
शनिवारी एक बादली गरम पाणी.
आरसा नव्हता.
हवा तर वेगळे पैसे, आई म्हणाली.
पैसे नाहीत, वाइके म्हणाली, कुंपण रंगवून देते.
कुंपण निळं झालं.
आरसा वर गेला.

दिवा धरायला मी. वय नऊ.
मजुरी : रात्रीला साखरेचा एक खडा,
काम झाल्यावर. आधी नाही.

"वर धर. अजून.
हं, आता मेलीस असं समज."

मी मेले.
पण मेलेल्याचाही हात अवघडतो.
दिवा बोटभर खाली आला
आणि तिच्या हनुवटीखाली
पहिल्या सावलीच्या पोटातून दुसरी निघाली.
ओरडायला तिनं तोंड उघडलं,
आरशात पाहिलं,
आणि तोंड तसंच ठेवून
चाचपडत हिरवा रंग शोधू लागली.

म्हणून ओठ विलग आहेत.
पाटी म्हणते, जणू काही सांगायचं राहून गेलं.
राहिलं खरं.
"गाढवा, दिवा!"
एवढंच.

चव्वेचाळीसच्या सप्टेंबरात ती किनाऱ्याकडे गेली,
एका मच्छिमाराच्या बोटीत बसली म्हणतात.
बोट कुठे लागली ते कुणी म्हणत नाही.
चित्र आमच्या कपाटामागे राहिलं,
तोंड भिंतीकडे, पाठीवर जाळी,
आई मरेपर्यंत.

आरसा अजून माझ्याकडे आहे, दाराजवळ.
मी तिच्याहून बुटकी,
डाग माझ्या कपाळावर येतो.
टाचा उंचावल्या तर भुवईपर्यंत उतरतो.
गालापर्यंत नाही. करून पाहिलंय,
या वयात, भिंतीला धरून.

हे सगळं मी चित्रशाळेतल्या मुलीला सांगितलं.
तिनं वहीत लिहून घेतलं, माझं आडनाव चुकवलं,
पाहू म्हणाली.
पाटी आहे तशीच आहे.
असू दे.

चित्र संपलं त्या रात्री
वाइके कुंचले न धुताच झोपली, बुटांसकट.
मी दिवा विझवला
आणि अंधारात थोडा वेळ उभी राहिले, हात पुढे करून.

एक खडा येणं आहे.