मोडायची, तोडायची नाही

गावाचं नाव आयटम.
फोनवर सांगितलं तेव्हा बहीण मिनिटभर हसतच होती.

केंटच्या या उतारावर, हेझलनटच्या सत्तर झाडांत
मिस हॉलंबी मला शिकवते
ऑगस्टमधल्या कोवळ्या फांद्यांचं काय करायचं:
मधोमध वाकवायची, कट् आवाज येईतो,
मग सालीच्या आधाराने लोंबती सोडायची.
"मोडायची. तोडायची नाही.
तोडलीस तर झाड चिडतं,
नुसती पानं काढत बसतं."

माझ्या घरी काय काय असं लोंबतंय
ते मी तिला सांगत नाही.

फेब्रुवारीत तिने भिंग दिलं होतं.
पिवळे तुरे कुणालाही दिसतात,
मादीफूल सुईच्या टोकाएवढं, लाल,
आणि बाकी सगळं वाऱ्यावर.

सप्टेंबरात खारी आमच्या आधी पोचतात.
उरलेल्यांतली पोकळ फळं
बादलीत टाकली की तरंगतात, आपणहून कबूल होतात.
भरलेली आम्ही हिरवीच फोडतो, मीठ लावून खातो,
दाताखाली ओल्या शेंगदाण्याची धाकटी बहीण.

मूठभर मी घरी आणून भाजते,
लसूण, तिखट, जिरं घालून कुटते.
मिस हॉलंबी बोटाने चाखते.
डोळ्यांत पाणी. "फारच आहे," म्हणते.

सकाळी दाराशी बाटली,
धुतलेली.