सोमवारचे बटाटे

सोमवारी धर्माजीची सुट्टी.
आठवडाभर काशीदच्या रिसॉर्टात
लोकांसाठी बटाटे भाजणारा माणूस
सुट्टीच्या दिवशीही बटाटेच भाजतो.
म्हटलं, कंटाळा कसा येत नाही रे तुला?
म्हणाला, ते वेगळे बटाटे.

खिशातून कागदाची पुडी काढली त्याने:
रोझमेरी. वाळलेली. किलोचा भाव सांगितला,
तो मी सांगत नाही, सासूबाई जाग्या आहेत.
हुंगून पाहिली.
खराट्याच्या काड्या कापराच्या डबीत ठेवल्यासारखी.
वास आहे हिला, मी म्हटलं, पण ओळख नाही.

मग कोयता घेऊन दोघं मागच्या बांधावर.
बांध आता आमचा नाही.
पलीकडे निळ्या फरशीचा तलाव, आत कुणीच नाही,
वॉचमन तेवढा हात करतो.
इथेच वाल व्हायचा.
इथेच माघाच्या थंडीत मडकं उपडं घालून
पेंढा पेटवायचो, आणि पहाटेपर्यंत
कुणाच्या तरी शेंगांत अळी निघायची.
वाल गेला.
भांबुर्डा मात्र कंपाउंडच्या भिंतीला चिकटून उगवलाय,
त्याला सातबारा दाखवावा लागत नाही.

मडक्याच्या बुडाशी पाला.
वर बटाटे, सालीसकट, मधोमध चीर दिलेले,
चिरेत ओवा, जाडं मीठ, ठेचलेली लसूण
(लसूण त्याची भर, आमच्यात घालत नाहीत).
परत पाला. तोंड गच्च.
न्हाणीमागे झावळ्या, करवंट्या, एक मोडकं पाट.
पाणी नाही, तेल नाही,
पालाच घामेजतो
आणि त्या घामात बटाटा शिजतो.

अर्ध्या तासाने धर्माजीने
बोटांनी पाणी शिंपडलं मडक्यावर.
चर्र. जागच्या जागी सुकलं.
झालं, म्हणाला,
आणि असा हसला, की रिसॉर्टातली भट्टी
टिंग वाजते तेव्हा हा कसा दिसत असेल
याचा मला पहिल्यांदाच विचार आला.

चार बटाटे भिंतीवरून दिले.
वॉचमनने फुंकर घातली, या हातातून त्या हातात खेळवला,
विचारलं, हा मसाला कुठे मिळतो?
धर्माजीने बोट दाखवलं
त्याच्याच बुटाशी.

पुडी मी फडताळात हळदीशेजारी ठेवलीय.
राहू दे.
ओळख व्हायला वेळ लागतो.