लवंग

डेल्फा स्टॅम्परच्या नावाचा आता महामार्ग आहे,
चौदा मैलांचा.
त्यावर दोन पेट्रोल पंप, एक बंद पडलेली कोळशाची खाण
आणि पाण्याच्या टाकीवर तिचा चेहरा.
रंगवणाऱ्याने तिला कधी पाहिलं नव्हतं,
हनुवटी भलत्याच कुणाची तरी आहे.

संग्रहालयात काचेमागे तिचे बूट.
शाळेच्या सहलीतली पोरं काचेला नाक लावतात,
वाफ धरते, बाही फिरवून पुसतात.
उद्घाटनाला आलेला माणूस 'वारसा' म्हणाला
आणि त्याने घड्याळ पाहिलं.

वारसा बघायचाय, तर शुक्रवारी रात्री
कार्व्हर फोर्कच्या अग्निशमन केंद्रात या,
तळलेल्या माशांच्या वासात.
पुढचे दोन दात पडलेली एखादी पोर खुर्चीवर चढेल,
तिचं ते पुलाचं गाणं म्हणेल,
आणि दुसऱ्या कडव्याच्या तिसऱ्या ओळीत
थांबेल.
अर्धा श्वास. मग पुढे.

कुणी शिकवलेलं नसतं.
दफनाच्या वेळी पाद्री तिथेच थांबतो.
न्हावी शीळ घालताना थांबतो, त्याची कात्रीही थांबते.
खाणीत नवरा गमावलेली ओपल कॉम्ब्स
भांडी घासता घासता तिथे आली
की नळ बंद करते.
विद्यापीठातली एक बाई त्या जागेवर
साठ पानं लिहून गेली:
डोंगराचं दुःख, न उच्चारलेलं नाव, वगैरे.

मी त्या दिवशी तिथे होतो.
तिच्या डावीकडे, स्टील गिटारवर.
नाताळ होऊन दोन दिवस झालेले,
स्टुडिओ त्या आठवड्यात निम्म्या भाड्यात मिळायचा.
डेल्फाची दाढ ठणकत होती, गाल भजीसारखा फुगलेला.
दाताच्या डॉक्टरला द्यायला पैसे होते कुठे?
आईने हॅममध्ये खोचलेल्या लवंगांतली एक उपटून
तिने दाढेखाली धरली होती.
तिसऱ्या ओळीत ती लवंग घसरली.
जिभेने जागेवर ढकलली तिने,
आणि गाणं पुढे नेलं.

बस, एवढंच.

मिस्टर प्रुइट काचेपलीकडून म्हणाले, पुन्हा घेऊ.
ती म्हणाली, पुन्हा घ्यायला तोंड दुसरं आणा.

पन्नास वर्षं मी हे कुणाला सांगितलं नाही.
आधी तिची लाज राखायची म्हणून.
नंतर ओपलच्या त्या बंद नळासाठी.

आता जिल्ह्याच्या इस्पितळात, तिसऱ्या मजल्यावर,
माझ्या छातीत धूळ साचलीय, आणि रात्रपाळीला जेरोप असते,
एल्डोरेटची.
सलाइनची बाटली बदलताना ती गुणगुणते.
काल पुलाचं गाणं होतं.
मी कान टवकारून वाट पाहिली,
आणि ती थांबली.
अगदी तिथेच.

कुठून शिकलीस? म्हटलं.
रेडिओवरून, ती म्हणाली.
आई पहाटे गाईची धार काढताना म्हणायची,
त्या जागी तिचे हात थांबायचे,
गाय मागे वळून बघायची.
आम्हाला वाटायचं, तुमच्या लोकांना तिथे काहीतरी फार दुखतं.

तेव्हा मात्र राहवलं नाही.
सगळं सांगितलं: दाढ, हॅम, लवंग.
ती इतकी हसली की बाजूच्या खाटेवरचा म्हातारा जागा झाला.
मग हसू आवरत म्हणाली,
लवंग होय? मग ती आमच्याच बाजूची.
किनाऱ्यापलीकडच्या बेटांवर पिकते,
बोटीने तुमच्याकडे आली असेल.
दुखतं हे खरंच होतं की.

ती दिवा मालवून गेली.
एक गोष्ट तिलाही सांगायची राहिली:
डेल्फा थांबली तेव्हा मी घाबरलो होतो,
आणि घाबरून तारेवर धरलेला सूर सोडलाच नाही.
तबकडीवर तो आहे, नीट ऐकलं तर.
पण गाणारे सगळे फक्त तिचं थांबणं घेऊन गेले.

पुढच्या खोलीतून जेरोपचं गुणगुणणं येतंय.
पहिलं कडवं संपलं.
मी पांघरुणाबाहेर हात काढतो,
खाटेच्या गार दांड्यावर बोट ठेवून
तयार राहतो.