तीनदा

नाव तीनदा पुकारायचं.
हे कुठं लिहिलंय मला ठाऊक नाही.
माझ्या आधीचा शिपाई तीनदा पुकारायचा,
म्हणून मीही.

पहिल्यांदा कठड्याकडे तोंड करून:
अपीलदार फिलिस्ता आवुओर न्यागोल!
जॅकरांडाखाली बसलेल्या बायका एकमेकींकडे पाहतात.
दुसऱ्यांदा फाटकाकडे,
जिथला भुईमूगवाला पोरगा कुणाच्याही नावाला ओ देतो
आणि दात काढतो.
तिसऱ्यांदा शेवटचं अक्षर जरा लांबवतो मी,
होमा बेच्या उतारावरून सरोवरापर्यंत जाईल इतकं.

आत न्यायाधीशबाई चष्मा पुसत होत्या.
प्रतिवादी आला नव्हता,
पण त्याचा वकील उभा होता, म्हणजे तो आलाच.
एक ओळ:
अपीलदार गैरहजर, सबब अपील निकाली.
नवरा गेल्यावर शेराचं कुंपण
अकरा पावलं सरकलं की नाही,
ते कुणी वाचलंच नाही.
सात वर्षांची फाइल
दोरीची गाठ न सुटता परत कपाटात.

बारा वाजून दहा मिनिटांनी ती आली.
लेसो गुडघ्यापर्यंत भिजलेला,
त्याच्या गाठीत तारखेचा कागद, तोही ओला.
तिच्यामागे, तेवढाच भिजलेला,
दीर झाकायो.
म्हणजे प्रतिवादी.

म्फांगानोहून त्या पहाटे होडी एकच सुटली.
दोघं दोन टोकांना, पाठीला पाठ,
मध्ये सुक्या ओमेनाची पोती आणि कुणाची तरी शेळी.
रात्रीच्या वाऱ्यानं जलपर्णी लोटून आणलेली,
इतकी दाट की बगळे तिच्यावरून चालत होते.
इंजिन गुदमरलं.
वल्हं एकच.
तीन तास आळीपाळीनं रेटलं दोघांनी,
अवाक्षर न बोलता.

"पुकारलं होतंस?" तिनं मला विचारलं.
पुकारलं.
"मोठ्यानं?"

वकिलानं झाकायोचा हात हातात घेऊन हलवला.
जिंकलास म्हणाला.
झाकायोला आधी कळेचना, काय.

मी खिडकीतून अर्ज दिला,
अपील पुन्हा पटावर घेण्याचा. त्याला फी पडते.
गैरहजेरीचं पुरेसं कारण, असा रकाना आहे;
तिथं तिनं लिहिलं, जलपर्णी.
अक्षर फुटलं, कारण बोटं ओली.
त्याखाली: ज्यानं प्रत्यक्ष पाहिलं त्याचं नाव.
होडीवाला केव्हाच परतला होता.
पोतीवाल्या बाजारात पांगल्या.
शेळीला विचारून उपयोग नव्हता.

झाकायो दाराशी शर्टाचं टोक पिळत होता.
पाणी माझ्या पुसलेल्या फरशीवर.
वकील कोपराला धरून त्याला बाहेर नेऊ पाहत होता,
चल, जेवण माझ्याकडून.

तिनं त्याचं नाव घेतलं.
एकदाच, आणि इतक्या हळू
की व्हरांड्याच्या पहिल्या खांबापर्यंतही गेलं नसतं.

त्यानं ओ दिली.

पेन अजून माझ्याच हातात होतं.